पानांची टोकं करपणं आणि गच्चीवरचा वास: लघवीचं खत देताना परत परत येणारी अडचण

लक्षण आधी सांगते. ते ओळखीचं वाटलं तरच पुढचं वाचा.

लघवी पाण्यात मिसळून घालायला सुरुवात केली की पहिले दोन-तीन आठवडे झाडं जोमानं वाढतात, पानं गडद हिरवी होतात. मग एक दिवस मिरचीच्या खालच्या पानांची टोकं तपकिरी पडतात. ती तपकिरी रेघ कडेकडेनं आत सरकत जाते. कुंडीच्या काठावर आणि मातीवर पांढरट पापुद्रा धरतो. त्याच सुमारास संध्याकाळचं वारं पडलं की गच्चीवर सार्वजनिक मुतारीसारखा, डोळ्यांना झोंबणारा वास यायला लागतो. आपण घाबरून आठवडाभर थांबतो, नुसतं पाणी घालतो, सगळं निवळतं. पुन्हा सुरू केलं की तीन आठवड्यांनी परत तेच.

आमच्याकडे हे सलग दोन उन्हाळे चाललं. आम्ही पुण्यात धनकवडीत चौथ्या मजल्यावर राहतो. घराला लागून गच्ची आहे, तिच्यावर कुंड्या, ग्रो बॅगा आणि फळांचे जुने क्रेट धरून 60-65 झाडं आहेत. टोमॅटो, मिरची, वांगी, अळू, कढीपत्ता, दुधी, एका अर्ध्या पिंपात केळ. दारासमोर सासूबाईंची तुळस आणि त्यांच्या पूजेच्या फुलांचा जास्वंद, मोगरा.

लघवी का, हे थोडक्यात सांगून पुढे जाते. मोठा माणूस दिवसाला साधारण 1 ते दीड लिटर लघवी करतो, म्हणजे वर्षाला सुमारे 500 लिटर. शरीरातून बाहेर पडणाऱ्या नत्रापैकी (नायट्रोजन) 80 टक्क्यांहून जास्त आणि स्फुरदापैकी (फॉस्फरस) निम्म्याहून जास्त भाग या लघवीत असतो, पालाशही (पोटॅशियम) बराच असतो. आपण तिच्यावर खडकवासल्याहून आणलेलं, शुद्ध केलेलं पिण्याचं पाणी ओततो. पुढे त्यातलं पुष्कळसं मुळा-मुठेत जातं, तिथून भीमेत, तिथून उजनीत. दर उन्हाळ्यात नदीवर जलपर्णीचा हिरवा गालिचा पसरला की आपण वैतागतो. ती जलपर्णी आपल्याच संडासातल्या नत्र-स्फुरदावर पोसलेली असते. मिरचीला हवं ते खत आपण जलपर्णीला घालतो आणि मिरचीसाठी युरिया विकत आणतो.

आधी काय काय चुकीचं तपासलं

पहिला संशय पाण्यावर घेतला. मार्च लागला की आमच्याकडे महापालिकेचं पाणी पुरत नाही, बोअरचं किंवा टँकरचं मिसळावं लागतं. काळ्या पाषाणातून येणारं हे पाणी जड असतं, बादलीला आणि गिझरला क्षार धरतात. तेव्हा कुंडीवरचा पांढरा थरही त्याचाच असणार असं मी धरून चालले. याची परीक्षा अगदी सोपी आहे आणि मी ती फार उशिरा केली. पापुद्र्याचा खडा चमच्यात घ्यायचा, त्यावर लिंबाचे चार थेंब पिळायचे. चुना असेल तर बारीक बुडबुडे येतात. मीठ असेल तर बुडबुडे येत नाहीत, पण साध्या पाण्यात तो खडा विरघळून जातो. आमच्याकडे दोन्ही निघालं. तुळशीच्या कुंडीवर आणि दाराजवळ बुडबुडे आले, पाण्याच्या टाकीजवळच्या कुंड्यांवर नुसतं विरघळलं. तुळशीला आम्ही लघवीचा थेंबही घातलेला नव्हता, म्हणजे चुना पाण्याचा होता आणि टाकीजवळचं मीठ लघवीचं. तेव्हाच माझ्या डोक्यात प्रकाश पडायला हवा होता, पण मी कोकोपीट बदललं, कोळी कीड असेल म्हणून कडुनिंबाचं तेल फवारलं आणि आणखी एक महिना घालवला.

दुसरा संशय ड्रेनेजवर, आणि तो माझा नव्हता. खालच्या मजल्यावरच्या काकू एका रविवारी वर आल्या. म्हणाल्या, “अगं, तुमच्या डक्टमधून काही येतंय का बघ ना. आमच्या स्वयंपाकघरात उभं राहवत नाही.”

मी म्हटलं, “बघते काकू. प्लंबरला बोलावते.”

वासाचं कारण मला ठाऊक होतं, तरी मी खरोखरच प्लंबरला बोलावलं. त्या माणसाने गुडघ्यावर बसून आमचा ट्रॅप उघडला, गाळ काढला, पैसे घेऊन गेला. दहा दिवसांनी वास परत आला आणि मी त्याला परत बोलावलं. असं तीनदा. त्याला दुसऱ्याची घाण विनाकारण उपसायला लावली याची मला आजही लाज वाटते. लघवी साठवण्याची लाज खरं तर तेव्हाही तितकी वाटत नव्हती, ती कुणाला कळेल याची भीती वाटत होती.

नकाशा

शेवटी एका सकाळी वहीच्या पानावर गच्चीचा नकाशा काढला. प्रत्येक कुंडीचा एक गोल. ज्या झाडाची पानं करपली होती तो गोल पेन्सिलीने काळा केला. हे तुम्हीही करा, दहा मिनिटांचं काम आहे. आमचे 19 गोल काळे झाले आणि ते सगळे एका कोपऱ्यात होते, पाण्याच्या टाकीच्या मागे उभं राहून हात लांबवला की पोचेल तेवढ्या अंतरात. कठड्याजवळची झाडं ठणठणीत. लांबचं केळ, ज्याला सगळ्यात जास्त भूक असते, ते पिवळं, उपाशी.

टाकीमागेच का? कारण कॅन तिथे लपवलेला होता. सासूबाईंना दिसू नये, गच्चीवर कपडे वाळत घालायला येणाऱ्या बाईंना दिसू नये म्हणून. घालायचं काम रात्री साडेदहानंतर, सासूबाई झोपल्या की. दिवा लावायचा नाही, समोरच्या इमारतीतून दिसतं. अंधारात मापाचा मग सापडला तर सापडला, नाहीतर अंदाजे. झारीत पाणी किती आणि लघवी किती हे कुणी पाहिलेलं नसायचं. पटकन उरकायचं म्हणून हाताशी असतील त्याच कुंड्यांना रोज. आणि कॅन फुगून फुटेल, मग सगळ्यांना कळेल, या धास्तीने नवऱ्याने झाकण सैल ठेवलेलं.

करपणं, मीठ, वास, उपाशी केळ, प्रत्येक लक्षणाचं मूळ त्या टाकीमागच्या अंधारात होतं. म्हणून या पोस्टमध्ये मी प्रमाण आणि लाज एकत्रच लिहिते आहे. नुसतं प्रमाण सुधारून आमचा त्रास गेला नव्हता. मी दोनदा प्रमाण सुधारलं होतं. अंधारात ते पुन्हा बिघडत होतं.

वास कशामुळे आणि कसा थांबतो

ताज्या लघवीला फारसा वास नसतो. तिच्यात युरिया असतो, पोत्यातल्या युरियासारखाच. हवेत, कॅनच्या कडांवर आणि मातीत असलेल्या जिवाणूंकडे युरिएज नावाचं विकर असतं. ते या युरियाचा अमोनिया करतं. उन्हाळ्यात हे एक-दोन दिवसांत सुरू होतं. जुना, न धुतलेला कॅन असेल तर काही तासांतच. लघवी आधी किंचित आम्ल असते, अमोनिया झाला की तिचा सामू (पीएच) 9 च्या आसपास चढतो. झाकण सैल असेल तर हा अमोनिया उडतो. म्हणजे नाकाला जे झोंबतं ते आपलं नत्रच असतं. वास येतोय याचा अर्थ खत हवेत चाललंय.

दोन मार्ग आहेत, आणि आपण कोणता धरलाय हे पक्कं ठरवून घ्या. आमच्याकडे दोन्हीची सरमिसळ होत होती.

एक, ताजी वापरायची. सकाळची लघवी सकाळीच पाण्यात मिसळून घालायची. घरच्या चार झाडांसाठी हेच उत्तम. दिवसभर गोळा करून संध्याकाळी घालणार असाल तर रिकाम्या 5 लिटरच्या कॅनमध्ये आधीच कपभर पांढरं व्हिनेगर घालून ठेवा. आम्लता टिकली की अमोनिया होण्याचं काम रेंगाळतं. कॅन दर आठवड्याला व्हिनेगरच्या पाण्याने खळबळून घ्या.

दुसरा मार्ग साठवण्याचा. इथे व्हिनेगर घालायचं नाही, कारण अमोनिया आणि चढलेला सामू हेच त्यातल्या जंतूंना मारतात. कॅन गळ्यापर्यंत भरायचा, झाकण घट्ट लावायचं, सावलीत ठेवायचा, मध्ये उघडायचा नाही. आमचा कॅन घट्ट झाकणानेही कधी फुगला, फुटला नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या 2006 च्या मार्गदर्शक सूचनांत, स्वतःच्या घराची लघवी स्वतःच्याच घरच्या पिकाला वापरायची तर साठवण्याची सक्ती नाही. अनेक घरांची एकत्र करून दुसऱ्यांना खायला घालायच्या पिकाला वापरायची तर 20 अंशांना सहा महिन्यांपर्यंत साठवायला सांगितलं आहे.

साठवलेल्या कॅनच्या तळाशी पांढरट-करडा, वाळूसारखा खरखरीत गाळ बसतो. पहिल्यांदा पाहिला तेव्हा मला किळस आली आणि मी तो मोरीत ओतला. तो मॅग्नेशियम अमोनियम फॉस्फेटचा गाळ असतो, सामू चढला की लघवीतलं स्फुरद असं खाली बसतं. सावकाश लागू पडणारं उत्तम खत आहे ते. आता मी तो चमच्याने खरवडून गुलाबाच्या आळ्यात पुरते. खडबडीत, वास नसलेला, बोटांत चुरला की जाड्या मिठासारखा लागतो.

कुंडीत घालताना झारीने पानांवरून ओतू नका. खुरप्याने बोटभर खोल चर करा, चरात ओता, माती लोटा, वरून तांब्याभर साधं पाणी. मातीच्या आत गेलं की वास जवळजवळ संपतो. आमचा डक्टमधला वास या एका गोष्टीने आणि घट्ट झाकणाने पाच दिवसांत बंद झाला.

करपणं

ते दोन कारणांनी होतं आणि दोन्ही एकमेकांना साथ देतात. एक, नत्र एकदम जास्त. दुसरं मीठ. आपण दिवसभरात जितकं मीठ खातो त्यातलं बहुतेक लघवीवाटेच बाहेर पडतं. लोणचं, पापड, फरसाण, ठेचा हे सगळं शेवटी कुंडीत येतं. शेतात पावसाने मीठ खाली झिरपून जातं. कुंडीत ते कुठे जाणार? उन्हाळ्यात पुण्यात पारा 38-40 ला टेकतो, कोकोपीटची कुंडी दुपारपर्यंत कोरडी पडते, पाणी उडतं आणि मीठ तिथेच राहतं. मग मुळांना पाणी ओढता येत नाही. कुंडी ओली दिसते आणि झाड तहानेने करपतं. मी हे न कळून आणखी झारी-झारी ओतत होते, लघवीसकट.

करपलेल्या कुंडीचा इलाज असा. पांढरा पापुद्रा आणि त्याखालची अर्धा इंच माती खरवडून काढून टाका. कुंडीच्या तळाची भोकं मोकळी आहेत का ते काडी घालून बघा. मग कुंडीत जितकी माती आहे तिच्या दुपटीने साधं पाणी सावकाश, तासाभरात थांबत थांबत ओता आणि पूर्ण निथळू द्या. शक्य असेल तर हे पाणी नळाचं घ्या, बोअरचं नको. त्यानंतर तीन आठवडे लघवी बंद. करपलेली पानं परत हिरवी होत नाहीत, त्यांच्याकडे बघू नका. नवीन फुटलेली पानं बघा.

प्रमाण: एक भाग लघवी, दहा भाग पाणी. एप्रिल-मेमध्ये पंधरा भाग. 12 इंची कुंडीला अशा मिश्रणाचा अर्धा लिटर, दहा-पंधरा दिवसांतून एकदा. घालण्याच्या आधी माती ओली हवी. दर चौथ्या वेळी लघवी न घालता नुसत्या पाण्याने कुंडी धुऊन काढा, खालून पाणी वाहेपर्यंत. कुंडीवर खडूने तारीख लिहा. खडूची तारीख दिसते, आणि दिसते म्हणूनच कुणी दुसऱ्यांदा घालत नाही. हे फक्त उजेडात शक्य आहे.

उपाशी केळ, अळू, दुधी यांना पहिला मान द्या. मेथी, घेवडा, वाल यांना गरज फार कमी, ती झाडं आपलं नत्र आपणच मिळवतात.

घरात सांगितलं तेव्हा

नकाशा काढल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळच्या चहाला मी सासूबाईंना सांगितलं. आमच्या घरात सोवळं कडक नाही, पण तुळस आहे. त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग एवढंच विचारलं, “तुळशीला घातलंस?”

“नाही आई. तुळशीला नाही, जास्वंदाला नाही, मोगऱ्यालाही नाही.”

“मग ठीक आहे.” थोड्या वेळाने म्हणाल्या, “आमच्याकडे सोनखत म्हणायचे. गावाबाहेरच्या पट्टीत पडायचं. तिथला कांदा केवढा यायचा.”

सोनखत. मी हा शब्द लहानपणी ऐकला होता आणि विसरले होते. आपल्या भाषेने माणसाच्या मैल्याच्या खताला सोनं म्हटलंय. गोमूत्र आपण आचमनालाही घेतो, जीवामृताच्या पिंपात लिटरच्या लिटर ओततो, तिथे कुणाचं नाक वाकडं होत नाही. माणसाच्या लघवीचा शब्दही जेवणाच्या टेबलावर काढता येत नाही. हा फरक रसायनाचा नाही, दोन्हींत युरियाच आहे.

पण सोनखताच्या आठवणीत रमून मला थांबता येईना. मी विचारलं, “आई, ते पट्टीत टाकायचं कोण?”

त्यांनी चहाचा कप खाली ठेवला. “माणसं यायची मागच्या बोळाने. पहाटे.” त्यांची नावं विचारली, तर सासूबाईंना एकही नाव सांगता आलं नाही. त्या त्यावर नंतर दोन दिवस गप्प होत्या.

आपल्या शरमेचं खरं वजन इथे आहे असं मला वाटतं. पुण्याच्या वाड्यांतही टोपलीचे संडास होते, मागच्या बोळातून टोपली उचलली जायची. 19व्या शतकाच्या उत्तरार्धात पुण्याची नगरपालिका मैला राखेत मुरवून त्याचं खत विकायची आणि मुठा कालव्याकाठचे ऊसवाले ते घ्यायचे. खत सगळ्यांना हवं होतं. उचलणारा मात्र जन्माने ठरायचा आणि त्याला शिवायचं नाही असंही ठरायचं. हाताने मैला उचलायला माणूस लावणं 2013 च्या कायद्याने गुन्हा आहे, तरी चेंबरमध्ये उतरून माणसं गुदमरून मरतात. म्हणून मी स्वतःसाठी एक नियम केला आणि तो तुम्हीही करावा अशी कळकळीची विनंती आहे: आपल्या घरच्या लघवीचा कॅन आपणच उचलायचा, आपणच धुवायचा. कामाच्या बाईंना, माळीकाकांना, सोसायटीच्या सफाई कामगाराला हात लावू द्यायचा नाही. ते “मी करतो” म्हणाले तरी नाही.

कोकणचे गांधी म्हणून ओळखले जाणारे अप्पासाहेब पटवर्धन 1932 मध्ये रत्नागिरीच्या तुरुंगात होते. संडास सफाईचं काम आपल्यालाही करू द्यावं म्हणून त्यांनी उपोषण केलं, कारण ते काम जातीने ठरलेल्या कैद्यांनाच दिलं जाई. त्या वर्षीच्या डिसेंबरात त्यांना साथ म्हणून गांधीजींनी इथे येरवड्याच्या तुरुंगात उपोषण केलं. पुढे कणकवलीच्या गोपुरीत अप्पांनी मैल्याचं खत करणारा संडास उभा केला. आपल्या शेजारी देहूत डॉ. सुहास मापुसकर यांनी अप्पांचं हेच काम पुढे नेलं आणि संडासाला जोडलेला मलप्रभा बायोगॅस बनवला. त्यांना 2017 मध्ये मरणोत्तर पद्मश्री मिळाली. देहू धनकवडीपासून लांब नाही. सासूबाई वारीच्या निमित्ताने किती वेळा देहूला जाऊन आल्या आहेत, पण ही गोष्ट त्यांनी माझ्याकडून पहिल्यांदा ऐकली.

त्यानंतर काकूंकडे गेले आणि प्लंबरच्या तिन्ही फेऱ्यांचं खरं कारण सांगितलं. त्या रागावल्या, रागवायलाच हव्या होत्या. मी त्यांना वर नेऊन घट्ट झाकणाचा कॅन दाखवला, चर करून घालून दाखवलं आणि तिथेच उभं राहून वास घ्यायला सांगितलं. त्यांनी वाकून घेतला. मग विचारलं, “आणि कढीपत्त्याला चालतं का हे?” चालतं. नत्र मिळालं की त्याला भरपूर नवी पालवी फुटते.

सगळं नीट करूनही परत येणाऱ्या अडचणी

टोमॅटोला पानं उदंड, फुलं नाहीत किंवा आलेली फुलं गळतात. हे नत्र जास्त झाल्याचं लक्षण आहे. पहिली कळी दिसली की लघवी थांबवा, पालाश द्या. आम्ही लाकडाची राख देतो, कुंडीला एक चमचा. राख आणि लघवी एका दिवशी देऊ नका. राखेच्या क्षाराने अमोनिया सुटतो आणि पुन्हा वास येतो. आमच्याकडे वास परत आला तेव्हा हेच कारण निघालं होतं, नवऱ्याने सकाळी राख घातली होती आणि मी संध्याकाळी कॅन.

जून ते सप्टेंबर कुंडीत लघवी नको. पावसात ती मुळांशी थांबत नाही, खालच्या बाल्कनीत ठिबकते, आणि तो ठिबका खालच्यांच्या वाळत घातलेल्या कपड्यांवर पडला तर शेजार कायमचा तुटेल. या चार महिन्यांत सगळी लघवी सुक्या पाल्याला द्या. फेब्रुवारी-मार्चमध्ये रस्त्यावरच्या पिंपळाचा, वडाचा पाला झडतो आणि लोक तो जाळतात. तो पोत्यांत भरून ठेवा. सुक्या पाल्यात कर्ब (कार्बन) भरपूर आणि नत्र अगदी कमी, म्हणून तो वर्षवर्ष कुजत नाही. लघवीत नत्र भरपूर आणि कर्ब जवळजवळ नाहीच. दोघं एकमेकांसाठीच आहेत. झाकण असलेल्या क्रेटमध्ये पाल्याचा वीतभर थर, त्यावर पाणी न मिसळता एक तांब्या लघवी, परत पाला. हात घातला तर आत ऊब लागली पाहिजे. वास आला तर पाला कमी पडलाय, आणखी घाला. पाणी गळायला लागलं तर लघवी जास्त झाली आहे. आमच्याकडे पिंपळाचा पाला चार महिन्यांत काळाभोर, भुसभुशीत झाला. याआधी तोच पाला मी दीड वर्ष नुसता सांभाळत होते.

औषधं. घरात कुणी प्रतिजैविकांच्या कोर्सवर असेल, केमोथेरपी चालू असेल, लघवीला जंतुसंसर्ग असेल तर त्या व्यक्तीची लघवी तेवढ्या काळात घ्यायचीच नाही. मधुमेहाचं मेटफॉर्मिन शरीरात न बदलता मूत्रपिंडावाटे जसंच्या तसं बाहेर पडतं. माझा नवरा ते घेतो, म्हणून त्याची लघवी आम्ही भाजीला घालत नाही. ती पाल्याच्या एका वेगळ्या क्रेटला जाते आणि ते खत शोभेच्या झाडांना.

निरोगी माणसाच्या लघवीत रोगजंतू फारसे नसतात, धोका असतो तो शौचाचा अंश मिसळण्याचा. म्हणून गोळा करण्याचं भांडं वेगळं ठेवा. कोथिंबीर, काकडी, सॅलडची पानं असं जे कच्चं खातो त्याला काढणीआधी महिनाभर घालू नका. हात साबणाने धुवा.

पाळीच्या दिवसांबद्दल दोघीजणींनी मला खासगीत विचारलं, म्हणून उघड लिहिते. त्या दिवसांत लघवी नेहमीप्रमाणे पाल्याच्या क्रेटला घाला. मेन्स्ट्रुअल कप धुतलेलं पाणीही तिथेच चालतं. रक्तातही नत्र, स्फुरद आणि लोह आहे. ज्या हातांना त्या चार दिवसांत झाडाला शिवू नको म्हणून सांगितलं गेलं, त्याच हातांनी मी आता क्रेट भरते आणि मला मनापासून बरं वाटतं.

शौचाचं काय, हाही प्रश्न येतोच. गच्चीवर, फ्लॅटमध्ये नको. इथे मी ठाम आहे. जंताची अंडी मातीत महिनोन्‌महिने, कधी वर्षानुवर्षे जिवंत राहतात आणि ती मारण्याइतकी उष्णता छोट्या बादलीतल्या खतात येत नाही. ज्यांचं मुळशी-वेल्ह्याकडे शेत आहे, थोडी जागा आहे, त्यांनी दोन खड्ड्यांचा संडास बांधावा. एक खड्डा भरला की तो बंद करून दुसरा वापरायचा. पहिला दीड-दोन वर्षं तसाच ठेवायचा. तेवढ्या काळात आतला मैला वास नसलेलं, काळपट, सुटं खत होतो. 2017 च्या फेब्रुवारीत केंद्र सरकारचे स्वच्छता सचिव परमेश्वरन अय्यर यांनी तेलंगणातल्या गंगादेवीपल्ली गावात असा खड्डा स्वतः उतरून रिकामा केला होता आणि खत हातात धरून दाखवलं होतं. विहिरीपासून खड्डा पुरेसा लांब हवा आणि भूजल वर असलेल्या जागी तो घेऊ नये.

सध्याची आमची स्थिती: नकाशावरच्या 19 गोलांपैकी 16 झाडं सावरली, दोन मिरच्या आणि एक वांगं गेलं. केळीला कोका सुटलाय. टाकीमागचा कोपरा रिकामा आहे, कॅन आता दाराशेजारी तुळशीपासून चार हातांवर असतो, त्यावर सासूबाईंनीच जुन्या चादरीचं आच्छादन टाकलंय, ऊन लागू नये म्हणून. काकूंकडे त्यांचा स्वतःचा कॅन आहे. शनिवारी सकाळी त्या तो जिन्याने वर घेऊन येतात, झाकण घट्ट लावलेला, आणि त्यांच्या कढीपत्त्याच्या कुंडीवर खडूने तारीख घालून जातात.